जमिनीखालच्या चिमुकल्या जगात उजेड कुठून आणायचा? (स्टॉप-मोशन लघुपट)

शाडूची बाहुली (ठाणे)

नमस्कार. सुमारे चार मिनिटांचा एक स्टॉप-मोशन लघुपट, म्हणजे बाहुल्या थोड्या थोड्या हलवत एकेक छायाचित्र काढून केलेला लघुपट, मी सध्या घरच्या घरी करते आहे. कथा आमच्या रस्त्याकडेच्या एका जुन्या पर्जन्यवृक्षाच्या मुळांशी, पूर्णपणे जमिनीखाली घडते. वर पेव्हर ब्लॉक बसवलेले आहेत, झाडाचे आळे केव्हाच बुजले आहे, आणि खाली एक गांडूळ, वाळवीचे एक दालन व एक मृगाचा किडा असे मोजके रहिवासी पहिल्या पावसाची वाट पाहत आहेत. संवाद नाहीत, निवेदनही नाही.

सेट म्हणजे समोरची बाजू उघडी ठेवलेली प्लायवुडची पेटी आहे. माती कोकोपीट, लाकडाचा भुसा आणि फेव्हिकॉल यांची केली, कारण खरी सुटी माती बाहुलीला हात लावताना प्रत्येक वेळी थोडी हलते आणि पडद्यावर ती सतत उकळल्यासारखी दिसते. मुळे सुतळी आणि काथ्याची आहेत. इथपर्यंत सगळे ठीक जमले.

अडचण प्रकाशाची आहे. जमिनीखाली काळोख असतो, हे पाच वर्षांच्या मुलालाही ठाऊक असते. सगळीकडे सारखा उजेड टाकला की माझी पेटी दुकानातल्या शोकेससारखी दिसते, आणि खरा काळोख ठेवला तर मेहनतीने केलेली मुळे कोणालाच दिसत नाहीत. तेव्हा प्रश्न असा, की जिथे उजेड असूच शकत नाही तिथे तो दाखवताना त्याचे कारण द्यावे, की काहीच न सांगता तो सरळ वापरावा?

रंगमंचामागे (नौपाडा)

ताई, मी बरीच वर्षे हौशी आणि व्यावसायिक नाटकांची प्रकाशयोजना पाहिली आहे, त्यामुळे माझे उत्तर सरळ आहे. कारण देऊ नका. गडकरी रंगायतनमध्ये आम्ही अमावास्येच्या रात्रीचे प्रवेश निळ्या प्रकाशात केले आहेत आणि हा निळा उजेड कुठून आला, असे एकाही प्रेक्षकाने मध्यंतरात येऊन विचारलेले नाही. रात्र आहे हे नटाच्या चालण्यावरून कळते, दिव्यावरून नव्हे. एका बाजूने तिरपा, कमी ताकदीचा दिवा लावा, समोरून काहीही टाकू नका आणि मुळांच्या कडा तेवढ्या उजळू द्या. डोळा उरलेले काम स्वतः करतो.

निव्वळ वाचक

पेव्हर ब्लॉक आहेत म्हणजे ते दर वर्षी उखडणार, आणि उखडले म्हणजे उजेड येणार. हा प्रश्न आपल्या शहरात यंत्रणेनेच सोडवून ठेवला आहे.

गांडूळखत (नेरुळ)

प्रकाशाबद्दल नंतर लिहितो, आधी गांडुळाबद्दल. हौशी ॲनिमेशनमध्ये बहुतेक वेळा गांडूळ सापासारखे डावी-उजवीकडे वळवळताना दिसते आणि ते मला फार खुपते. गांडुळाच्या शरीरात गोलाकार आणि लांबीच्या दिशेचे असे दोन प्रकारचे स्नायू असतात. गोलाकार स्नायू आवळले की तो भाग बारीक आणि लांब होतो, लांबीचे स्नायू आवळले की तोच भाग आखूड आणि जाड होतो, आणि ही लाट अंगभर सरकत जाते. जाड झालेला भाग बारीक राठ केसांनी मातीला धरून ठेवतो, म्हणून उरलेले शरीर पुढे ओढले जाते. जाडी बदलत नसेल तर ते गांडूळ नव्हे, दोरी आहे. आपण बाहुलीत तारेचा सांगाडा घातला असेल तर ही जाडी कशी बदलणार, हा विचार आधीच करावा लागेल.

आता प्रकाश. गांडुळाला डोळे नसतात, पण त्याच्या त्वचेत प्रकाश ओळखणाऱ्या पेशी असतात. मी गच्चीवरच्या खताच्या पेटीत रात्री पांढरी बॅटरी मारली की वर आलेली सगळी गांडुळे क्षणात आत जातात, पण बॅटरीवर लाल जिलेटीन कागद लावला की ती निवांत आपले काम करत राहतात. मुंग्या आणि वाळवी यांचे निरीक्षण करणारे अभ्यासकही याच कारणासाठी लाल दिवा वापरतात. माझे मत असे, की आपला चित्रपट लाल प्रकाशात करावा. त्या जगाला न कळणारा उजेड आणि प्रेक्षकाला दिसणारा उजेड, दोन्ही एकाच दिव्यात साधतील.

शाडूची बाहुली

गांडुळासाठी अनेक सुटे तुकडे करून बदलत जाण्याचा विचार आहे. बारीक, मध्यम आणि जाड असे प्लॅस्टिसिनचे (न वाळणाऱ्या मऊ मातीचे) कडे करायचे आणि लाटेच्या क्रमाने ते एकमेकांच्या जागी लावायचे. लाल प्रकाशाची कल्पना मला फारच आवडली.

चौकट बारा (वाशी)

मी ॲनिमेशनच्या व्यवसायात आहे, म्हणून लाल प्रकाशाला थोडे थांबवतो. कॅमेऱ्याच्या संवेदकावर रंगांच्या बारीक गाळण्या असतात. त्यातल्या निम्म्या हिरव्या, एक चतुर्थांश लाल आणि एक चतुर्थांश निळ्या असतात. तुम्ही फक्त लाल दिव्यात चित्रण केले, तर संवेदकाचा चतुर्थांश भागच प्रत्यक्ष माहिती गोळा करणार आणि बाकीचे कॅमेरा अंदाजाने भरणार. सुतळीचे धागे आणि भुशाचा पोत, म्हणजे ज्यासाठी तुम्ही एवढी मेहनत घेतली, नेमका तोच मऊ पडेल. लाल छटा हवी असेल तर पांढऱ्या प्रकाशात चित्रण करा आणि रंग नंतर संगणकावर द्या.

थोडा हिशेबही सांगतो, कारण तो न करता उत्साहाने सुरू झालेले अनेक लघुपट अर्ध्यावर सुटलेले मी पाहिले आहेत. चार मिनिटे म्हणजे 240 सेकंद. सेकंदाला 24 चौकटी (फ्रेम) धरल्या तर 5,760 चौकटी होतात. प्रत्येक छायाचित्र दोन चौकटी दाखवले, म्हणजे सेकंदाला 12 छायाचित्रे काढली, तर 2,880 छायाचित्रे लागतील. माझे इथले नाव त्यावरूनच आले आहे. या 2,880 छायाचित्रांमध्ये दिव्याची तीव्रता जराही बदलता कामा नये. इमारतीचा पाण्याचा पंप किंवा लिफ्ट सुरू झाली की घरातला विजेचा दाब खाली-वर होतो आणि पडद्यावर सगळे दृश्य लुकलुकते. बॅटरीवर चालणारे एलईडी दिवे घ्या, खिडकीला काळा पडदा लावा, एक्स्पोजर (कॅमेऱ्यात किती उजेड घ्यायचा ते) आणि रंगसंतुलन स्वयंचलित ठेवू नका. शक्य असेल तर उजेड आत सोडणारे छिद्र हाताने बदलण्याचे जुने भिंग वापरा, कारण नवी भिंगे प्रत्येक छायाचित्रासाठी छिद्र नव्याने बंद करतात आणि ते दर वेळी तंतोतंत तेवढेच होत नाही.

आणि चित्रणाच्या वेळी काळा शर्ट घाला. पांढऱ्या शर्टावरून परतणारा उजेड सेटवर पडतो आणि तुम्ही कुठे उभ्या होतात ते प्रत्येक चौकटीत उमटते.

निव्वळ वाचक

म्हणजे चाळीस अंशांचा मे महिना, बंद खिडक्या, काळा पडदा, काळा शर्ट, आणि पंखा लावला तर सुतळीची मुळे हलणार. पहिल्या पावसाची वाट जमिनीखालच्यांपेक्षा दिग्दर्शिकाच अधिक आतुरतेने पाहील.

शाडूची बाहुली

पंखा बंदच असतो. प्लॅस्टिसिन दुपारी इतके मऊ पडते, की किड्याचे पाय उभे राहत नाहीत, म्हणून मी पहाटे चित्रण करते.

वर्षा खारघर

पावसाळ्याची वाट पाहताना एक सूचना. मागे एका शालेय प्रकल्पासाठी आम्ही कोकोपीटचाच सेट केला होता. जुलैच्या दमट हवेत त्यावर पांढरी बुरशी उगवली आणि ती इतकी सुरेख दिसत होती, की मुलांनी ती काढूच दिली नाही. मात्र प्रत्येक दृश्यात ती वेगवेगळ्या उंचीची आहे, त्यामुळे कथेतला एक तास पडद्यावर पंधरवड्यासारखा वाटतो.

आता मूळ प्रश्नाकडे येते. आपण सर्वजण उजेड कुठून येतो यावर बोलत आहोत, पण तो कोणाला दिसतो, हे कोणी विचारले नाही. तुमच्या पात्रांपैकी गांडुळाला डोळे नाहीत. वाळवीतील कामकरी आंधळ्या असतात. परंतु त्याच वसाहतीत पंख फुटलेल्या वाळवीला चांगले विकसित डोळे असतात, आणि पहिल्या पावसानंतर संध्याकाळी ती बाहेर पडून सरळ दिव्याकडे झेपावते, हे ठाण्यातल्या प्रत्येक घराने पाहिलेले आहे. म्हणजे एकाच दालनात जन्मलेल्या दोन बहिणींपैकी एकीला उजेड म्हणजे काय हे आयुष्यभर कळत नाही आणि दुसरी त्याच्याचसाठी घर सोडते. एवढी मोठी गोष्ट हाताशी असताना प्रकाशाचा प्रश्न निव्वळ दिव्यांच्या मांडणीचा राहत नाही, असे मला वाटते.

जाता जाता, मृगाच्या किड्याला आठ पाय द्यावेत, कारण तो कोळ्यांच्या जवळचा जीव आहे. वर्षाचा बहुतांश काळ तो जमिनीतच असतो आणि मृग नक्षत्र लागून पाऊस झाला, की लाल मखमलीचा तुकडा चालावा तसा दिसू लागतो. या कुळातले प्रौढ जीव वाळवीसारखे लहान कीटक खातात, म्हणून तुमचे हे रहिवासी परस्परांचे प्रेमळ शेजारी असतीलच असे नाही.

रंगमंचामागे

उजेड कोणाला दिसतो, या वर्षाताईंच्या मुद्द्याला मनापासून दाद. तरीही सांगतो, की तिकीट काढून बसलेला प्रेक्षक गांडूळ नव्हे. त्याला डोळे आहेत आणि त्याला काहीतरी दिसले पाहिजे. पात्राला दिसत नाही म्हणून प्रेक्षकालाही दाखवायचे नाही, हा न्याय लावला तर रंगभूमीवरचा प्रत्येक अंध पात्राचा प्रवेश काळोखात करावा लागेल.

जुनी रिळे (ठाणे)

या कलेचा इतिहास पाहिला तर हाच वाद तिच्या जन्माशी आहे. व्लादिस्लाव स्टारेविच हे कौनास येथील निसर्गविषयक संग्रहालयाचे काम पाहत होते. साधारण 1910 च्या सुमारास त्यांना हरणाच्या शिंगांसारखे जबडे असलेल्या भुंगेऱ्यांची झुंज चित्रित करायची होती. ते भुंगेरे रात्री हिंडणारे. चित्रणाचा प्रखर दिवा लावला की निपचित पडत. अखेर त्यांनी मेलेल्या भुंगेऱ्यांना तारेचे पाय बसवले आणि एकेक चौकट करून झुंज उभी केली. खऱ्या किड्याला उजेड सोसत नव्हता, म्हणून बाहुलीच्या किड्याचा चित्रपट आला. त्यामुळे बाहुलीला पुन्हा खऱ्या किड्याचे नियम लावू नयेत, असा माझा कौल आहे.

आपल्याकडचेही सांगितले पाहिजे. दादासाहेब फाळके यांनी 'राजा हरिश्चंद्र' (1913) करण्यापूर्वी कुंडीत वाटाणा पेरून त्याच्या अंकुराची वाढ चौकट-चौकट करून टिपली होती आणि चित्रपटासाठी भांडवल उभे करताना ती चित्रफीत त्यांच्या उपयोगी पडली. पुढे 1915 मध्ये त्यांनी 'आगकाड्यांची मौज' हा आगकाड्यांचा स्टॉप-मोशन लघुपटही केला. मराठी माणसाचा या कलेशी संबंध मातीतून वर येणाऱ्या अंकुरापासूनचा आहे, आणि तरीही आपल्याकडे हा प्रकार अजून लहान मुलांचा खेळ समजला जातो, याची खंत वाटते.

पोथीनिष्ठ (कळवा)

आपल्या परंपरेने हा प्रश्न सोडवलेला आहे. भागवताच्या पाचव्या स्कंधात अतल, वितल, सुतल अशा सात अधोलोकांचे वर्णन आहे. तिथे सूर्य नाही, पण महानागांच्या फण्यांवरील मण्यांनी अंधार दूर होतो. नागपंचमीला आपण वारुळाची पूजा करतो आणि त्या दिवशी जमीन खणत नाही. एक मणी ठेवा, सर्व शंका मिटतील.

चौकट बारा

मणी ठेवला की प्रेक्षक मण्याचीच गोष्ट पाहू लागेल. पहिल्या दृश्यात चमकणारी वस्तू दिसली, तर शेवटपर्यंत तिचे काय झाले हे सांगावे लागते.

गांडूळखत

मणी नको असेल तर चमकणारी बुरशी घ्या. भीमाशंकरच्या जंगलात पावसाळ्यात कुजक्या लाकडावर ती रात्री मंद हिरवट दिसते.

निव्वळ वाचक

ते भीमाशंकर झाले. घोडबंदर रस्त्यालगत रात्री हिरवे काही चमकले तर तो सिग्नल असतो, आणि तोही फार वेळ टिकत नाही.

पारसिकचा वारा (मुंब्रा)

आमचा भाग बोगद्यांचा आहे. पारसिकचा बोगदा 1916 पासून वापरात आहे, आणि आता बुलेट ट्रेनसाठीचा 21 किलोमीटरचा बोगदा होतो आहे, त्यातला सुमारे सात किलोमीटरचा भाग ठाणे खाडीच्या तळाखालून जातो. विषयाशी संबंध असा, की गाडी बोगद्यात शिरते तेव्हा आपल्याला अंधार जाणवण्यापूर्वी आवाज बदललेला कळतो. खिडकीबाहेरचे दिसणे थांबते आणि चाकांचा खडखडाट अंगावर येतो. जमिनीखाली असल्याची खूण डोळ्यांना नाही, कानांना पटते. आपल्या धाग्यावर ध्वनीबद्दल अजून एक ओळही आलेली नाही, याचे आश्चर्य वाटते.

वर्षा खारघर

अगदी योग्य मुद्दा. चार्ल्स डार्विन यांनी गांडुळांवरचे आपले पुस्तक 1881 मध्ये प्रसिद्ध केले. त्यात त्यांनी गांडुळांसमोर शिट्टी, बासून (फुंकून वाजवायचे एक वाद्य) आणि पियानो वाजवून पाहिल्याचे वर्णन आहे. गांडुळांनी आवाजाची दखल घेतली नाही, पण त्यांची कुंडी पियानोवरच ठेवून एक स्वर वाजवला तेव्हा ती झटकन बिळात गेली. त्यांना हवेतला नाद नव्हे, अंगाखालचा कंप कळतो. वाळवीच्या काही जातींतले सैनिक धोका दिसताच दालनाच्या जमिनीवर डोके आपटून इतरांना इशारा देतात, तोही कंपच. वरून बस गेली, रिक्षा थांबली, कोणी शहाळे फोडले, हे सगळे खाली केवळ कमी-अधिक धक्क्यांच्या रूपाने पोहोचत असणार.

चौकट बारा

कंपाचा विषय निघाला म्हणून व्यावहारिक धोका सांगतो. कमी उजेडात चित्रण करायचे म्हणजे प्रत्येक छायाचित्राला एक-दोन सेकंदांचे एक्स्पोजर लागेल, आणि तेवढ्यात खालून डंपर गेला तर ते छायाचित्र पुसट येईल. कॅमेऱ्याचे तिपाई आणि सेट वेगवेगळ्या आधारांवर ठेवू नका. दोन्ही एकाच जड फळीवर घट्ट बसवा, तिपाईच्या पायांना गरम गोंद लावा, फळीखाली वाळूच्या पिशव्या ठेवा. म्हणजे हलले तरी दोन्ही एकत्र हलतील.

प्रकाशाबाबत निर्णय होत नसेल तर तो पुढे ढकलण्याचाही मार्ग आहे. प्रत्येक स्थितीचे छायाचित्र दोनदा घ्या, एकदा फक्त वरच्या दिव्यात आणि एकदा फक्त बाजूच्या दिव्यात. नंतर संगणकावर दोन्हींचे प्रमाण हवे तसे ठरवता येते. छायाचित्रांची संख्या दुप्पट होऊन पुन्हा 5,760 वर जाईल, पण बाहुली हलवण्याचे कष्ट तेवढेच राहतील.

रंगमंचामागे

हे म्हणजे दिग्दर्शकाने पात्र कोण ते प्रयोगानंतर ठरवण्यासारखे झाले. निर्णय पुढे ढकलणे हा निर्णय नव्हे. सावली कुठे पडणार हे ठाऊक नसेल तर बाहुली कुठे उभी करायची हे कसे ठरवणार?

खाडीकाठ (ऐरोली, दिवागाव)

मी कोळी आहे आणि मला चित्रपटातले काही कळत नाही, पण बिळातला उजेड कळतो. आमच्या खाडीच्या चिखलात निवटी ही मासळी आणि लहान खेकडे बिळे करून राहतात. ओहोटीला चिखल उघडा पडला, की बिळाच्या तोंडातून उजेड आत जातो, खेकडे बाहेर येऊन चरतात. भरतीचे पाणी चढू लागले, की एका बाजूचा नांगा मोठा असलेले ते छोटे खेकडे चिखलाचा गोळा ओढून बिळाचे तोंड आतून बंद करतात. निवटी तर तोंडात हवा भरून बिळाच्या आतल्या पोकळीत नेऊन सोडते, कारण तिची अंडी त्या हवेत असतात. तिवराची मुळेसुद्धा श्वास घ्यायला चिखलातून वर येतात.

सांगायचे एवढेच, की जमिनीखाली उजेड नसतो असे नाही. तो भोकातून येतो, त्याची वेळ असते, आणि तो बंदही करता येतो. ताईंच्या गोष्टीत वर लाद्या आहेत. दोन लाद्यांच्या मध्ये फट असणारच.

जुनी रिळे

खाडीकाठ, आपल्याला काही कळत नाही असे कृपया पुन्हा लिहू नका.

गांडूळखत

सहमत. मात्र फटीतून येणारा उजेड बोटभर खोल जाईल, चार बोटे नाही. त्याच्या खाली काय, हा प्रश्न उरतोच.

शाडूची बाहुली

सर्वांचे आभार. काल फटीची चाचणी घेतली. पुठ्ठ्याच्या दोन लाद्या करून त्यांच्यामध्ये अगदी अरुंद जागा सोडली आणि वर एकच एलईडी ठेवला. उजेडाची पातळ पट्टी सुतळीच्या मुळावर पडते, एका वळणावर तुटते आणि पुढच्या तंतूवर पुन्हा दिसते. बाकी पेटी जवळजवळ काळी राहते, तरी ती पेटी आहे हे विसरायला होते.

आता ठरवले ते असे. वरच्या थराला उजेड फक्त या फटीतून मिळेल, आणि तो बंदही होईल. कधी फटीवर पर्जन्यवृक्षाचे पान पडेल, कधी कोणाची चप्पल तिथे थांबेल. खालच्या थरात कडा तेवढ्या दिसतील असा रंगमंचामागे काकांचा तिरपा दिवा, पण तो फक्त धक्का बसेल तेव्हाच किंचित वाढेल, म्हणजे वरून बस गेली की मुळे क्षणभर दिसतील आणि पुन्हा मावळतील. कंप हाच तिथला उजेड समजायचा. पंख फुटलेली वाळवी फटीकडे निघेल तेव्हा कॅमेरा प्रथमच तिच्या बाजूने वर पाहील. तोपर्यंत एकाही पात्राच्या डोळ्यांतून काही दाखवायचे नाही. मृगाच्या किड्याने त्या दालनाशी काय करायचे, हे मात्र वर्षाताईंच्या प्रतिसादानंतर मला नव्याने लिहावे लागणार आहे.

रंगमंचामागे

बसच्या धक्क्याबरोबर दिवा वाढवणे उत्तम, पण दर वेळी एकसारखा वाढवू नका. रिक्षाला कमी, बसला जास्त, आणि चपलेला अजिबात नाही.

वर्षा खारघर

पाऊस आल्यावर फटीतून थेंब उतरेल तेव्हा पाण्याऐवजी ग्लिसरीन वापरावे. ते वाळत नाही, त्यामुळे एकच थेंब सकाळभर चित्रित करता येतो.

पोथीनिष्ठ

मणी नाकारला गेला याची नोंद घेतली आहे. थेंबावर प्रकाश पडल्यावर तो कशासारखा दिसतो, ते चित्रण झाल्यावर बोलू.

चौकट बारा

धक्क्याबरोबर प्रकाश वाढवायचा असेल तर हाताने दिवा फिरवू नका, लुकलुकणे आणि हेतुपुरस्सर वाढवलेला उजेड यांतला फरक प्रेक्षकाला कळणार नाही. प्रत्येक चौकटीला दिव्याची पातळी किती, याचा तक्ता आधी करा. बस येण्यापूर्वी शून्य, मग चार-सहा छायाचित्रांत चढ आणि त्याच्या तिप्पट छायाचित्रांत उतार, असा साधारण आराखडा ठेवा. आणि गांडूळखत यांनी वाईट वाटून घेऊ नये, पण लाल दिव्याबद्दल माझे मत कायम आहे.

गांडूळखत

वाईट वाटले नाही. फटीतली पट्टी पांढरी ठेवा आणि खालच्या थराला संगणकावर का होईना, पण लालसर छटा द्या, म्हणजे माझ्या गांडुळांना आणि आपल्या संवेदकाला दोघांनाही त्रास होणार नाही. ताई, गांडुळाच्या लाटेची चाचणी तयार झाली की इथे टाका, जाडी नीट बदलते की नाही ते मला पाहायचे आहे.